दुरुस्तीची परंपरा : शंकर बाळकृष्ण दीक्षित आणि पंचांगाचा वाद

शके १७८७ मध्ये, म्हणजे १८६५ साली, महाराष्ट्रात एक नवे पंचांग निघाले आणि त्याच्याबरोबर पुढे कित्येक दशके धुमसत राहिलेला एक वादही सुरू झाला. पंचांगाचे गणित करणारे केरो लक्ष्मण छत्रे हे त्या काळचे नामांकित गणिती होते. ज्यांच्या आश्रयाने ते निघाले त्या आबासाहेब पटवर्धनांच्या नावावरून लोक त्याला पटवर्धनी पंचांग म्हणू लागले. या पंचांगातल्या अष्टमी-एकादशीच्या वेळा घरोघरच्या जुन्या पंचांगाहून काही घटिकांनी पुढेमागे होत्या, संक्रांत सुमारे चार दिवस आधी येत होती आणि एखाद्या वर्षी अधिक महिनाही निराळा पडत होता. उपास कधी धरायचा, श्राद्ध कधी घालायचे, दिवाळी कोणत्या महिन्यात करायची हे ज्या पुस्तकावरून ठरते, त्या पुस्तकाविषयीच दोन मते झाली. हा वाद पुढे विज्ञान विरुद्ध धर्म, इंग्रजी शिकलेले विरुद्ध शास्त्रीमंडळी अशा सोप्या जोड्या लावून सांगितला गेला. पुराव्यांकडे पाहिले तर ही मांडणी टिकत नाही. त्या पिढीत काळाच्या मोजणीचा सर्वांत खोल अभ्यास ज्यांनी केला, त्या शंकर बाळकृष्ण दीक्षितांच्या कामातून काही वेगळेच सिद्ध होते. भारतीय कालगणनेची परंपरा ही मुळातच दुरुस्तीची परंपरा आहे, आणि पंचांग सुधारू पाहणारे लोक त्या परंपरेचे वारस होते. मात्र दुरुस्तीलाही एक मर्यादा असते. आकाशाकडे पाहून काय ठरते आणि माणसांनी एकत्र बसून काय ठरवावे लागते, या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, आणि त्यांची गल्लत झाली म्हणूनच वाद इतका लांबला.

वादाचे मूळ समजायला तिथी म्हणजे काय ते आधी पाहावे लागते. चंद्र सूर्याच्या बारा अंश पुढे गेला की एक तिथी संपते. चंद्राची गती सारखी बदलत असते, म्हणून कोणतीही तिथी नेमकी साठ घटिकांची नसते. ती केव्हा संपेल हे सांगायचे तर चंद्राची गती बारकाईने ठाऊक हवी. महाराष्ट्रात हे गणित तीन शतकांहून अधिक काळ गणेश दैवज्ञांच्या ‘ग्रहलाघव’ आणि ‘तिथिचिंतामणी’ या ग्रंथांवरून होत आले. गणेश दैवज्ञ कोकणातल्या नांदगावचे. ‘ग्रहलाघव’ शके १४४२ चे, म्हणजे १५२० सालचे. ज्या-कोटिज्यांची किचकट कोष्टके टाळून साध्या आकडेमोडीने ग्रह काढता यावेत अशी रचना त्यांनी केली, अकरा वर्षांचे एक चक्र धरून मोठमोठे आकडे लहान केले, आणि गावोगावच्या जोशांना पेलेल असे गणित हाती दिले. म्हणूनच हा ग्रंथ इतका टिकला आणि दूरवर पसरला. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मुंबईत गणपत कृष्णाजींच्या छापखान्यातून छापील पंचांगे निघू लागली, तेव्हा त्यांचा आधारही हाच होता.

पण या गणितात एक उणीव होती आणि तिचे स्वरूप मोठे बोधप्रद आहे. जुन्या सिद्धांतांनी चंद्राच्या मध्यम स्थानाला एकच मुख्य संस्कार (गणितातली दुरुस्ती) दिला, आणि त्याचे जास्तीत जास्त मान सुमारे पाच अंश धरले. प्रत्यक्षात चंद्राच्या गतीवर सूर्याच्या ओढीचाही परिणाम होतो. त्यामुळे अमावास्या-पौर्णिमेला हे मान पाच अंशांच्या आसपास असते, तर अष्टमीच्या सुमाराला ते साडेसात अंशांपर्यंत चढते. जुन्या ज्योतिष्यांनी आपले आकडे ग्रहणांवरून ताडून पाहिले होते, आणि ग्रहणे अमावास्या-पौर्णिमेलाच होतात. म्हणून त्यांचे गणित ग्रहणांना बऱ्यापैकी जुळे आणि अष्टमीला चुके. अडीच अंशांचा फरक म्हणजे तिथीच्या वेळेत सुमारे पाच तासांचा, बारा घटिकांचा फरक. सूर्योदयाला कोणती तिथी आहे यावर व्रत ठरत असल्याने एवढ्या फरकाने उपास एका दिवसाने सरकतो. याखेरीज सूर्यसिद्धांताचे वर्ष खऱ्या नाक्षत्र वर्षापेक्षा सुमारे साडेतीन मिनिटांनी मोठे आहे. शतकानुशतके ही मिनिटे साचत जातात. छत्र्यांना ही चूक दिसली, कारण त्यांनी दोन्ही बाजू पाहिल्या होत्या. कंपनी सरकारने १८२६ साली स्थापन केलेल्या कुलाब्याच्या वेधशाळेत प्राध्यापक ऑर्लिबार यांच्या हाताखाली त्यांनी काम केले, पुढे पुण्यात गणित शिकवले, आणि १८६० मध्ये ‘ग्रहसाधनाची कोष्टके’ हा ग्रंथ मराठीत लिहिला. आकाशात जे दिसते तेच पंचांगात असावे, एवढीच त्यांची साधी मागणी होती.

या मागणीला झालेला विरोध अडाण्यांचा नव्हता. शास्त्रीमंडळींचा मुख्य आक्षेप असा होता, की धर्मशास्त्राने तिथीच्या वाढीला आणि घटीला मर्यादा घातली आहे. तिथी फार तर पाच घटिकांनी वाढते आणि सहा घटिकांनी घटते. याला बाणवृद्धी-रसक्षय म्हणतात. नव्या गणिताने तिथी कधी जवळजवळ सदुसष्ट घटिकांपर्यंत वाढते, तर कधी पन्नासांपर्यंत उतरते. सात घटिकांची वाढ आणि दहांची घट असलेल्या या तिथीवर केलेले श्राद्ध शास्त्राला कसे चालेल? आक्षेप वरवर भक्कम वाटतो. पण पाच आणि सहा हे आकडे आले कुठून, हे विचारले की त्याची जागा कळते. चंद्राला एकच संस्कार द्यायचा आणि तो पाच अंशांचा धरायचा, असे गणित केले तर तिथीची वाढघट याच मर्यादेत बसते. म्हणजे ज्या गणिताच्या अचूकपणाविषयी वाद आहे, त्याच गणिताचा निष्कर्ष त्या गणिताच्या बाजूने साक्षीला उभा केला जात होता. नियम आकाशातून आला असता तर तो प्रमाण ठरला असता. तो एका विशिष्ट कोष्टकातून आला होता, आणि कोष्टक बदलले की तोही बदलणे भाग होते.

या टप्प्यावर दीक्षित वादात येतात. १८५३ साली दापोली तालुक्यातल्या मुरूड गावी त्यांचा जन्म झाला. पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात त्यांनी शिक्षकाचे शिक्षण घेतले आणि रेवदंडा, ठाणे, बार्शी, धुळे अशा गावी शाळाखात्यात नोकरी केली. ना पदवी, ना वेधशाळा, ना मोठे ग्रंथालय, अशा परिस्थितीत बदलीच्या गावांतून त्यांनी हा अभ्यास चालवला. ग्वाल्हेरचे विसाजी रघुनाथ लेले सायन पंचांगाचा पुरस्कार करीत होते. जनार्दन बाळाजी मोडक आणि दीक्षित त्यांना येऊन मिळाले, आणि १८८४ च्या सुमारास या मंडळींचे सायन पंचांग निघू लागले. सायन पक्षाचे म्हणणे छत्र्यांच्याही एक पाऊल पुढे होते. वसंतसंपात, म्हणजे दिवसरात्र समान होण्याचा बिंदू, ताऱ्यांच्या संदर्भात सुमारे बहात्तर वर्षांत एक अंश मागे सरकतो. ऋतू या बिंदूवर अवलंबून आहेत, ताऱ्यांवर नाहीत. महिने ताऱ्यांना बांधून ठेवले तर ते ऋतूंपासून हळूहळू सुटत जातात. मकरसंक्रांत म्हणजे उत्तरायणाचा आरंभ असे आपण मानतो, पण सूर्य खरोखर उत्तरेकडे वळतो तो डिसेंबरच्या २१-२२ तारखेला. संक्रांत त्यानंतर तीन आठवड्यांहून अधिक काळाने येते. वैदिक वाङ्मयात मधु आणि माधव हे महिने वसंताचे सांगितले आहेत, महिन्याची व्याख्याच ऋतूवरून केली आहे. तेव्हा ऋतूंना धरून चालणारे सायन पंचांगच श्रुतीला धरून आहे, असा दीक्षितांचा युक्तिवाद होता. धर्माला झुगारून देण्याचा हा पवित्रा नव्हता. ते धर्माच्या मुळाशी जाऊन बोलत होते.

दीक्षितांना पंचांगसुधारक म्हणून सोडून देणे मात्र त्यांच्यावर अन्याय ठरेल. तिथीचे गणित मागे चालवून इतिहासातल्या घटनांचे दिवस नक्की करण्याचे जे शास्त्र त्यांनी हाताळले, त्यात त्यांची खरी ताकद दिसते. १८८० च्या दशकात जॉन फेथफुल फ्लीट गुप्त राजांचे शिलालेख संपादित करीत होते. लेखांवर वर्षे कोरलेली होती, पण त्या वर्षांची सुरुवात केव्हा धरायची हे कुणालाच ठाम सांगता येत नव्हते. एडवर्ड थॉमस इ.स. ७७-७८ धरीत, कनिंगहॅम १६६-६७ आणि बेली १९०. शंभरहून अधिक वर्षांचा हा घोळ म्हणजे गुप्तांचा सारा काळच अधांतरी होता. परदेशी प्रवासी अल्बेरूनीने मात्र शककालानंतर २४१ वर्षांनी गुप्तकाल सुरू झाला असे नोंदवून ठेवले होते. मध्य प्रदेशातल्या एरण येथील बुधगुप्ताच्या स्तंभलेखात १६५ हे वर्ष, आषाढ शुक्ल द्वादशी आणि गुरुवार असा उल्लेख आहे. १६५ मध्ये २४१ मिळवले की शके ४०६ येते. त्या वर्षीच्या आषाढ शुद्ध द्वादशीचे गणित केले की तो दिवस २१ जून ४८४ ठरतो, आणि तो गुरुवारच आहे. हे गणित दीक्षितांचे. एकच वार जुळणे हा निर्णायक पुरावा होत नाही, कारण सातांत एकदा तो योगायोगानेही जुळेल. म्हणून फ्लीट आणि दीक्षित तेवढ्यावर थांबले नाहीत. मंदसोरच्या लेखात मालव संवत ४९३ मध्ये कुमारगुप्ताचा उल्लेख सापडला. मालव संवत म्हणजे विक्रम संवत धरला की ते साल इ.स. ४३६-३७ येते, आणि अल्बेरूनीच्या आधाराने काढलेल्या कुमारगुप्ताच्या काळाशी ते नेमके जुळते.

तिसरा पुरावा तर पूर्णपणे दीक्षितांच्या शोधावर उभा आहे. परिव्राजक राजांच्या ताम्रपटांत गुप्त वर्षांबरोबर महावैशाख, महाआश्वयुज अशी गुरूच्या बारा वर्षांच्या चक्रातली संवत्सरे दिलेली आहेत. या संवत्सरांचे नाव कशावरून ठरते, याबद्दल विद्वानांत स्पष्टता नव्हती. गुरू सूर्याच्या तेजात लपून पुन्हा पहाटे दिसू लागतो, तेव्हा तो ज्या नक्षत्रात असेल त्यावरून संवत्सराला नाव मिळते, ही जुनी पद्धत दीक्षितांनी ग्रंथांतून शोधून काढली आणि त्याप्रमाणे गणित करून दाखवले. ताम्रपटांतली संवत्सरे इ.स. ३१९-२० या आरंभाशी जुळली. फ्लीट यांच्या १८८८ च्या ग्रंथात दीक्षितांचे हे काम समाविष्ट आहे. एका बाजूला कोरीव लेख, दुसऱ्या बाजूला परदेशी प्रवाशाची नोंद आणि तिसऱ्या बाजूला गुरूचा उदय, या तीन स्वतंत्र वाटा एकाच सालाला येऊन मिळतात. भारताच्या प्राचीन इतिहासाच्या कालक्रमातला एक पक्का खुंटा असा रोवला गेला, आणि त्याचे गणित एका मराठी शाळामास्तराने केले होते. पुढे रॉबर्ट स्यूएल यांच्याबरोबर त्यांनी भारतीय पंचांगावरचा इंग्रजी ग्रंथ सिद्ध केला. तो १८९६ मध्ये लंडनला प्रसिद्ध झाला आणि शिलालेखांच्या अभ्यासकांच्या नेहमीच्या वापरातला ग्रंथ बनला.

त्याच वर्षी पुण्यात त्यांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा मोठा मराठी ग्रंथ बाहेर पडला. दक्षिणा प्राइझ कमिटीच्या बक्षिसासाठी हाती घेतलेल्या विषयातून तो वाढत गेला होता. वेदकाल आणि वेदांगकाल हा पहिला भाग, सिद्धांतांचा काल हा दुसरा; त्यात गणित, संहिता आणि जातक या तिन्ही स्कंधांचा इतिहास, शेकडो ग्रंथकारांचा काल आणि त्यांच्या गणिताची परीक्षा. पंचांगाच्या वादासाठी या ग्रंथाचे महत्त्व असे, की जुने ज्योतिषी खरोखर कसे वागत आले होते, याची नोंद त्यात एकत्र मिळते. वराहमिहिराने सहाव्या शतकात पाच सिद्धांत समोर ठेवून त्यांतला कोणता अधिक स्पष्ट आणि कोणता आकाशापासून दूर गेलेला, हे सांगितले. दक्षिणायन पूर्वी आश्लेषेच्या मध्यावर होत असे, आता ते कर्काच्या आरंभी होते, आणि शंका असेल त्याने प्रत्यक्ष पाहून खात्री करावी, असेही तो लिहितो. मुंजालाने ९३२ साली चंद्राला दुसरा संस्कार सांगितला. गणेश दैवज्ञांचे वडील केशव यांनी ग्रहांचे वेध घेतले, कोणत्या सिद्धांताने कोणता ग्रह किती चुकतो याची नोंद केली आणि पुढच्यांनीही असेच वेध घेऊन गणित सुधारत राहावे असे सांगून ठेवले.

सर्वांत बोलका पुरावा खुद्द ‘ग्रहलाघवा’त आहे. ज्या ग्रंथाला हात लावू नये असे शास्त्रीमंडळी म्हणत होती, त्या ग्रंथाच्या कर्त्याने कोणत्याही एका सिद्धांताला जशाच्या तसे स्वीकारले नव्हते. सूर्य त्याने सौरपक्षाचा, म्हणजे सूर्यसिद्धांताला मानणाऱ्या परंपरेचा, घेतला. चंद्रही सौरपक्षाचा, पण त्यातून नऊ कला वजा करून. गुरू आर्यपक्ष या दुसऱ्या परंपरेचा घेतला, आणि शनी आर्यपक्षाचा घेऊन त्यात पाच अंश मिळवले. का? तर आकाशात तसे दिसत होते म्हणून. शनीच्या स्थानात पाच अंशांची भर घालणे ही काही किरकोळ डागडुजी नव्हे. १५२० साली गणेश दैवज्ञांना जो अधिकार होता तो १८६५ साली छत्र्यांना नाही असे म्हणायचे, तर परंपरा एका ठरावीक साली गोठली असे मानावे लागते. त्या सालाला काही शास्त्राधार दाखवता येत नाही. कोकणातल्या या बापलेकांना जी गोष्ट कर्तव्य वाटली, तीच साडेतीनशे वर्षांनी छत्रे, मोडक, लेले आणि दीक्षित करीत होते.

यावर एक गंभीर आक्षेप येतो आणि त्याला बगल देऊन चालणार नाही. केशवांनी स्वतः वेध घेतले. छत्र्यांच्या पंचांगाचे गणित इंग्रजी नाविक पंचांगावरून होत असे. दर वर्षी लंडनहून येणाऱ्या पुस्तकावर इथला उपास ठरावा, ही परंपरा कसली? ती परावलंबनाची खूण आहे, असे म्हणणाऱ्यांचा रोख राजकीय होता आणि परक्या राजवटीत तो समजण्यासारखाही होता. पण उसनवारीच दोष मानायचा तर वराहमिहिराच्या पाच सिद्धांतांतले रोमक आणि पौलिश हे परदेशी मुळाचे सिद्धांत आधी वगळावे लागतील. आकडा कुणी काढला हा प्रश्न गौण आहे. तो आकाशाशी जुळतो की नाही, ही कसोटी जुन्यांचीच होती. शिवाय त्याच काळात ओडिशातल्या खंडपड्याचे सामंत चंद्रशेखर काय करीत होते ते पाहावे. युरोपीय ज्योतिषाचा परिचय नसताना, बांबूच्या नळ्या आणि घरी बनवलेली यंत्रे घेऊन त्यांनी वर्षानुवर्षे चंद्राचे वेध घेतले आणि चंद्राला आणखी तीन संस्कार लागतात या निष्कर्षाला ते पोचले. त्यांना त्यांनी तुंगांतर, पाक्षिक आणि दिगंश अशी नावे दिली. त्यांचा ‘सिद्धांतदर्पण’ हा संस्कृत ग्रंथ १८९९ मध्ये छापला गेला. लंडनच्या वाटेने जावे किंवा खंडपड्याच्या, चंद्र एकाच ठिकाणी सापडतो. महाराष्ट्रातही नाविक पंचांगावरचे अवलंबन फार काळ राहिले नाही. बागलकोटला शिक्षक असलेल्या व्यंकटेश बापूजी केतकरांनी नवी युरोपीय कोष्टके पचवून ‘ज्योतिर्गणित’ हा संस्कृत ग्रंथ रचला, आणि इथल्या पंचांगकर्त्याला इथल्याच पद्धतीने सूक्ष्म गणित करता येईल अशी सोय केली.

दुसरा आक्षेप दीक्षितांच्याच पद्धतीवर आहे. शतपथ ब्राह्मणात कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत असे म्हटले आहे. याचा अर्थ त्या विषुववृत्तावर होत्या असा घेऊन दीक्षितांनी तो काल इ.स.पू. ३००० च्या सुमाराचा काढला. वेदांचे प्राचीनत्व सिद्ध करण्याची ओढ त्या पिढीत होती. टिळकांचा ‘ओरायन’ १८९३ चा आहे. तेव्हा हे गणित आधी ठरवलेल्या निष्कर्षासाठी केले गेले नाही ना, अशी शंका रास्त आहे. विधीच्या ग्रंथातले वाक्य वेधाच्या नोंदीसारखे काटेकोर समजावे का, जुनी आठवण नव्या ग्रंथात आली असेल का, हे प्रश्न पाश्चात्त्य विद्वानांनी उपस्थित केले आणि ते आजही उभे आहेत. एरणच्या गुरुवाराला जो भक्कमपणा आहे तो कृत्तिकांच्या वाक्याला नाही, हे मान्य केले पाहिजे. पण या मान्यतेने दीक्षितांच्या पद्धतीला बाध येत नाही. त्यांनी गृहीत वेगळे ठेवले, गणित वेगळे ठेवले, आणि वाचकाला दोन्ही तपासता येतील अशा रीतीने मांडले. वाक्याचा अर्थ तसा असेल तर काल असा येतो, एवढे त्यांचे गणित निर्विवाद सांगते. अर्थ तसा आहे की नाही याचा निवाडा भाषेच्या आणि विधीच्या अभ्यासकांनी करायचा. स्वतःच्या निष्कर्षाला तपासणीसाठी खुला ठेवणे हीच दुरुस्तीच्या परंपरेची पहिली अट आहे, आणि ती दीक्षितांनी स्वतःलाही लावली होती.

आता त्या मर्यादेकडे यायला हवे. चंद्र कुठे आहे हे आकाश सांगते. पण मेष राशीचा आरंभ कुठून धरायचा हे आकाश सांगत नाही. छत्र्यांनी रेवतीच्या योगताऱ्यापासून राशिचक्र सुरू केले. त्या मानाने १८६५ साली अयनांश, म्हणजे वसंतसंपातापासून राशिचक्राच्या आरंभापर्यंतचे अंतर, सुमारे १८ अंश येतात. ‘ग्रहलाघवा’च्या रीतीने, शकातून ४४४ वजा करून साठाने भागले की, त्याच वर्षी २२ अंश २३ कला येतात. संक्रांतीत चार दिवसांचा फरक पडला तो यामुळे, आणि त्या चार दिवसांत अमावास्या आली की अधिक महिना बदलून सणांत पुऱ्या महिन्याचा फरक पडे. केतकरांनी चित्रा तारा राशिचक्राच्या बरोबर मध्यावर, १८० अंशांवर, धरला. त्या हिशेबाने १८६५ चे अयनांश २२ ला टेकतात, म्हणजे ‘ग्रहलाघवा’शी फरक अर्ध्या अंशाहूनही कमी. छत्र्यांचे शिष्य असलेल्या टिळकांनी रेवती पक्ष उचलून धरला. मुंबईला १९०४ मध्ये, पुण्याला १९१७ मध्ये आणि सांगलीला १९२० मध्ये ज्योतिष परिषदा भरल्या, ठराव झाले, पण सर्वांना मान्य होईल असा तोडगा निघाला नाही. यात अज्ञानी कुणीच नव्हते. छत्रे, टिळक, केतकर, दीक्षित हे सगळे आकाशाशी जुळणाऱ्या गणिताचे पुरस्कर्ते, आणि तरीही आरंभबिंदूविषयी त्यांची तीन तोंडे तीन दिशांना. विज्ञान विरुद्ध धर्म ही मांडणी इथे पूर्णच कोसळते. वाद विज्ञान मानणाऱ्यांतच होता, कारण प्रश्न मोजणीचा उरला नव्हता. मैलाचे दगड रस्त्याच्या कोणत्या टोकापासून मोजायचे, याचे उत्तर रस्ता मोजून मिळत नाही. ते गावांनी ठरवायचे असते. प्रत्येक पक्ष मात्र आपला आरंभबिंदू हाच खरा असे सिद्ध करण्यात शक्ती घालवत राहिला.

हे ठरवण्याचे काम अखेर स्वतंत्र भारतात झाले. नोव्हेंबर १९५२ मध्ये वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेने मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली पंचांगसुधारणा समिती नेमली. निर्मलचंद्र लाहिरी तिचे सचिव होते, नागपूरचे के. ल. दप्तरी आणि पुण्याचे ज. स. करंदीकर हे मराठी अभ्यासक तिचे सदस्य होते. देशात तेव्हा सुमारे तीस पंचांगपद्धती चालू होत्या. समितीचा अहवाल १९५५ मध्ये आला आणि २२ मार्च १९५७ हा दिवस १ चैत्र शके १८७९ ठरवून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिचे महिने वसंतसंपाताला बांधलेले आहेत, म्हणजे सायन आहेत. लेले, मोडक आणि दीक्षित सत्तर वर्षांपूर्वी जे मागत होते ते नागरी व्यवहारासाठी तत्त्वतः मान्य झाले. धार्मिक सणांसाठी समितीने निरयन, म्हणजे ताऱ्यांना बांधलेली, गणना ठेवली आणि २१ मार्च १९५६ चे अयनांश २३ अंश १५ कला धरले. हे मान चित्रा पक्षाचे आहे. छत्र्यांचा आग्रह, सूक्ष्म गणिताचा, दोन्हीकडे मान्य झाला. कुणाचाच पूर्ण पराभव न करता प्रत्येकाच्या मताला त्याची योग्य जागा देणारी ही रचना होती.

ही सुधारणा फसली, असे यावर म्हटले जाते. राष्ट्रीय दिनदर्शिका सरकारी राजपत्रापलीकडे लोकांच्या वापरात आली नाही, संक्रांत अजून जानेवारीतच येते आणि सण ऋतूंपासून दर बहात्तर वर्षांनी एक दिवस दूर जातच आहेत, हे खरे आहे. पण वाद ज्या गोष्टीवरून पेटला तिचे काय झाले ते पाहावे. तिथीचे गणित प्रत्यक्ष आकाशाशी जुळावे की नाही, हा १८६५ चा प्रश्न होता. आज महाराष्ट्रात सर्वत्र चालणारे सोलापूरचे दाते पंचांग सूक्ष्म गणिताचे आहे, आणि बाणवृद्धी-रसक्षयाची मर्यादा ओलांडणाऱ्या तिथींवर लोक निःशंकपणे व्रते करतात. टिळक पंचांग रेवती पक्षाने निघते, त्यात संक्रांत आजही १० जानेवारीच्या आसपास येते; पण त्याचे आणि दात्यांचे तिथींच्या वेळांवर भांडण नाही. जो भाग मोजणीचा होता तो पुराव्याने मिटला, आणि तो कायमचा मिटला. जो भाग संमतीचा होता तो बहुतांशी सवयीने मिटला. आरंभबिंदू जुन्या वहिवाटीच्या सर्वांत जवळ ठेवणारा चित्रा पक्ष टिकला. लोकांनी अचूकपणा स्वीकारला आणि उलथापालथ टाळली. समाज म्हणून हा निर्णय शहाणपणाचाच म्हणावा लागेल.

दीक्षित १८९८ मध्ये, पंचेचाळिशीही न गाठता, गेले. सांगलीची परिषद किंवा साहा समिती त्यांनी पाहिली नाही, आणि त्यांचा सायन पक्ष सणवारांच्या पंचांगात आजवर जिंकलेला नाही. तरीही त्या वादातून टिकून राहिलेले सर्वांत मोठे काम त्यांचेच आहे. छत्र्यांची कोष्टके केतकरांच्या ग्रंथाने मागे पडली, केतकरांचे गणित आता संगणकाने मागे टाकले. कोष्टकांचे प्राक्तनच ते आहे. दीक्षितांचा ग्रंथ मात्र अजून उघडावा लागतो. त्याचा हिंदी अनुवाद झाला, भारत सरकारने इंग्रजी अनुवाद करवून घेतला, आणि प्राचीन भारतीय ज्योतिषाच्या कालक्रमावर लिहिणाऱ्याला त्यांच्याशी सहमत होऊन किंवा मतभेद मांडून, पण त्यांना ओलांडून जाता येत नाही. जुन्या ज्योतिष्यांची श्रेष्ठता त्यांच्या आकड्यांत नव्हती, ते आकडे बदलण्याच्या त्यांच्या तयारीत होती, हे या ग्रंथाने कागदोपत्री सिद्ध केले. परंपरेच्या नावाने दुरुस्ती नाकारणाऱ्याला आणि दुरुस्तीच्या नावाने परंपरेला कमी लेखणाऱ्याला, दोघांनाही त्यात उत्तर आहे. केशव दैवज्ञांनी पुढच्यांवर वेध घेण्याची जबाबदारी टाकली होती. ऋतूंपासून सरकत चाललेल्या सणांचे काय करायचे, हा प्रश्न साहा समितीनंतरही उघडा आहे. तो सोडवताना कोणती गोष्ट मोजून ठरवायची आणि कोणती बोलून, हे आधी वेगळे करायला हवे. शंभर वर्षांच्या त्या वादाने आपल्याला एवढे तरी पुरते शिकवले आहे.